वेलिकाच्या तोंडचे शब्द

द्रेनोव दोल गावात कुणाला भांडायचं असेल तर तो आधी वेलिका घरात आहे का ते बघून घ्यायचा, आणि असली तर भांडण दुसऱ्या गल्लीत न्यायचा. बाई सत्तरी ओलांडलेली, हाडापेराने दणकट, नवरा कधीचाच गेलेला, पदरी मूल नाही. उभी हयात शहरातल्या शर्टाच्या कारखान्यात शिवणयंत्रावर गेली. त्या खडखडाटात ऐकू जावं म्हणून जो आवाज चढला, तो निवृत्त झाल्यावरही खाली आला नाही. सरपंच असो, पाद्री असो, नाहीतर दुकानदार पेन्को, ज्याला जे सुनवायचं ते ती भर चौकात सुनवायची. अशा बाईच्या तोंडचे शब्द कुणी चोरील, आणि चोरून तिच्याच मुळावर आणील, असं कुणाच्या मनातही आलं नसतं. पण आणले. चोरणाऱ्यांनी लाल कोट घातला होता आणि तिला गोड आवाजात आजी म्हटलं होतं.

वेलिकाचा जीव एकाच माणसात अडकलेला होता. तिची धाकटी बहीण स्तामेना, तिचा मुलगा मिंको. चाळिशीचा गडी, अंगापिंडाने भरलेला, पण डोकं सहा-सात वर्षांच्या पोराचं. याच गावात जन्मला, इथेच वाढला. सकाळी पेन्कोच्या दुकानातून म्हाताऱ्याकोताऱ्यांच्या घरी पाव पोचवायचा. गावातल्या प्रत्येकाचं नाव त्याला पाठ, कुत्र्यांचीसुद्धा. "झ्लातका काकू, पाव!" असा फाटकाशी त्याचा पुकारा झाला की गल्लीला उजाडल्याचं कळायचं. कुणी त्याच्या हातावर सफरचंद ठेवायचं, कुणी चीजचा तुकडा.

मग स्तामेना वारली. वेलिकाने त्याला आपल्याकडे आणलं, वर्षभर सांभाळला. पण एका हिवाळ्यात बर्फावरून घसरून तिचा खुबा मोडला, ती अंथरुणाला खिळली, आणि सरकारी बाया येऊन मिंकोला घेऊन गेल्या. कुठे, तर देशाच्या पार दुसऱ्या टोकाला, डोंगरातल्या एका जुनाट इमारतीत. एकेका खोलीत दहा-दहा खाटा, खिडक्यांना जाळ्या, जेवणात पाण्यासारखं सूप. पायात जरा बळ आल्यावर वेलिका काठी टेकत, दोन बस आणि एक आगगाडी बदलून त्याला भेटायला जायला लागली. तो आधी तिच्या पिशवीत डोकवायचा, मग विचारायचा, "मावशी, घरी कधी जायचं?"

"लवकरच रे, राजा," ती म्हणायची. आणि परतीच्या गाडीत समोर जो कोणी बसला असेल त्याच्याशी काहीतरी खुसपट काढून भांडायची.

म्हणून सरपंच ग्रोझदान एक दिवस धापा टाकत तिच्या अंगणात आला तेव्हा तिला आधी खरंच वाटेना. "मावशी, झालं! सरकार ती मोठाली वसतिगृहं बंद करतंय. आपली बंद पडलेली शाळा डागडुजी करून तिथे दहा-बारा जणांचं छोटं घर करणार. मिंकोचं नाव पहिलं घातलंय मी. आणि गावातल्या सात-आठ बायकांना नोकऱ्या!"

वेलिकाने त्या जाड्याचे दोन्ही गाल धरून मुका घेतला. दुसऱ्या दिवशी विळा घेऊन ती शाळेच्या आवारात गेली आणि तिथलं कमरेएवढं माजलेलं गवत तिने एकटीने कापून काढलं. मोडका खुबा रात्रभर ठणकला. तिला त्याचं काही वाटलं नाही.

पण निवडणुका आल्या. निवडणुका आल्या की राजधानीतल्या, सोफियाच्या लोकांना खेडी आठवतात. तिथल्या एका वाहिनीला द्रेनोव दोलचा शोध लागला. पहिल्या दिवशी बातमीत 'वसतिगृह' होतं. दुसऱ्या दिवशी ते 'मनोरुग्णांचं केंद्र' झालं, आणि आठवडा संपायच्या आत 'वेड्यांचं इस्पितळ'. मग कोणी एक टाय लावलेला गृहस्थ म्हणाला, हे वेडे म्हणजे फक्त सुरुवात आहे, यांच्यामागून ब्रुसेल्सवाले आपल्या बोकांडी निर्वासित बसवणार. पडद्यावर रोज एक माणूस दिसायचा, खुर्चीने काचा फोडणारा. त्याच्यामागच्या भिंतीवरची पाटी आपल्या लिपीतलीसुद्धा नव्हती. कुठल्या देशातला, कधीचा, कुणी विचारलं नाही. पेन्कोच्या दुकानात संध्याकाळी चार टेबलं लागायची, राकिया दारूचे पेले भरायचे, वर टीव्ही चालू, आणि खाली गाव माना वर करून बसलेलं. ज्या गावात फाटकाला कडी लावायची कुणाला आठवण नसायची, तिथे पेन्कोने शहरातून कुलपं मागवली. ती दोन दिवसांत खपली.

"अरे मूर्खांनो, मिंको येतोय, मिंको!" वेलिका दुकानाच्या दारातून ओरडायची.

"मिंकोचं वेगळं आहे, मावशी," पेन्को समजुतीने म्हणायचा. "मिंको आपला. पण हे बाकीचे..."

"बाकीचेही कुणाचे तरी मिंकोच असतील ना रे, मुडद्या!"

"ते ठीक आहे. पण टीव्हीवर बघ ना, काचा कशा फोडतोय."

सप्टेंबर सरत आला होता. घरोघरी अंगणात लाल मिरच्या भाजून हिवाळ्याची बेगमी चालली होती. वेलिका चुलीपुढे बसून ढीगभर मिरच्या परतत होती, धुराने डोळ्यांतून घळाघळा पाणी वाहत होतं, आणि त्याच वेळी फाटकापुढे वाहिनीची गाडी थांबली. लाल कोटातली मुलगी उतरली. दिल्याना नाव. मागे कॅमेरा घेतलेला दाढीवाला.

"आजी, तुम्ही शाळेच्या अगदी जवळ राहता. एकट्या. तुम्हाला भीती नाही वाटत?"

वेलिकाला वाटलं, चला, बरं झालं, एकदाचं बोलता येईल. देशभर ऐकू जाईल. ती डोळे पुसत उठली आणि कारखान्यातल्या आवाजात बोलली. "मला भीती वाटते, हो, वाटते! पण त्या पोरांची नाही, या गावच्या माणसांची वाटते. उद्या ती बिचारी इथे आली की हेच लोक त्यांना दगड मारतील, इतकं तुम्ही यांचं डोकं फिरवलंय! रात्र रात्र झोप लागत नाही मला याच विचाराने. माझ्या बहिणीचा मुलगा आहे त्यात. त्याला घरी आणा, एवढंच मागणं आहे माझं!"

"फार छान बोललात, आजी," दिल्याना म्हणाली. जाताना भाजलेल्या मिरच्यांची एक बरणीही घेऊन गेली.

संध्याकाळी वेलिका नवा रुमाल बांधून, कधी नव्हे ती, पेन्कोच्या दुकानात पहिल्या टेबलाशी जाऊन बसली. बातमी लागली. मागे रडकं व्हायोलिन. धुराच्या पडद्यात एक विधवा म्हातारी, डोळ्यांतून धारा लागलेल्या. "मला भीती वाटते, हो, वाटते!" मग शाळेची पडकी भिंत. "दगड मारतील!" मग खुर्चीवाला, काचा. आणि पुन्हा म्हातारी, "रात्र रात्र झोप लागत नाही मला!" संपलं.

 दुकानात टाळ्या पडल्या. ग्रोझदान सरपंच उठून तिच्याकडे आला, डोळे पाणावलेले. "मावशी, गाव गाजवलंस! मी सांगतो, तुझी ही दशा आम्ही होऊ देणार नाही. मीच चुकलो होतो."

"अरे मेल्या, मी असं बोललेच नाही!"

"आता लाजू नकोस, मावशी."

"लाजतेय कोण? त्यांनी कापलंय ते! पुढचं-मागचं सगळं खाल्लंय!"

शेजारची झ्लातका दुसऱ्या दिवशी सकाळी चीज घातलेली गरम बानित्सा घेऊन आली. चाळीस वर्षांचा शेजार. तिला वेलिकाने पहिल्यापासून शेवटपर्यंत सगळं सांगितलं. झ्लातका मान डोलवत ऐकत राहिली आणि मग म्हणाली, "ते खरं ग, वेलिका. पण मी माझ्या या डोळ्यांनी पाहिलं ना तुला बोलताना."

"आणि मी माझ्या या तोंडाने बोलले, ते काहीच नाही का?"

"माणूस घाबरला की बोलतो एक आणि नंतर म्हणतो एक," झ्लातका म्हणाली आणि बानित्साचा मोठा तुकडा तिच्याच पुढे सरकवला.

वेलिकाने वाहिनीला फोन लावला. पुष्कळ वेळ संगीत ऐकवल्यावर एक कोवळा आवाज आला. "आजी, दाखवला तो आवाज तुमचाच आहे ना?"

"आवाज माझा आहे रे, पण बोलणं तुझं आहे!"

"बातमीला वेळेची मर्यादा असते, आजी," पोरगं म्हणालं आणि फोन ठेवला.

महिनाभरात तिचा रडका चेहरा तालुक्याच्या गावी भिंतीभिंतीवर चिकटला. खाली एका पक्षाचं नाव आणि मोठी अक्षरं, 'आजीला झोप लागू द्या.' तिला कुणी विचारलंही नाही. बाजारात अनोळखी लोक तिचा हात हातात घेऊन म्हणायचे, धीर सोडू नका. ती शिव्या द्यायची, आणि ते आपसात म्हणायचे, बघा, भीतीने काय अवस्था झालीय बिचारीची.

जुन्या कम्युनिस्ट राजवटीत चौकातल्या खांबावर सरकारी कर्णा होता. रोज सकाळी तो भरघोस पिकाच्या थापा मारायचा, आणि रिकामी पोती घेऊन शेतावरून येणारं गाव त्याखालून डोळे मिचकावत जायचं. थाप ती थाप, हे शेंबड्या पोरालाही ठाऊक होतं. कर्ण्यावर विश्वास ठेवायची सक्ती होती, म्हणून कुणी ठेवला नाही. आता सक्ती कुणाची नाही. शंभर वाहिन्या आहेत, बटण आपल्या हातात आहे, मत आपलं आहे. म्हणूनच हे शहाणे डोळे मिटून गिळतात, आणि वर म्हणतात, आम्ही स्वतः पाहिलं! वेलिकाला त्या गंजक्या कर्ण्याची आठवण येऊन संताप अनावर व्हायचा.

गावाने काय करायचं ते ठरवायला सभा लागली, येत्या रविवारी. गावाने नको म्हटलं की शाळेचा बेत रद्द, आणि मिंको तिकडेच, त्या जाळ्यांमागे, मरेपर्यंत.

त्या आठवड्यात ती बसथांब्यावर उभी होती. थांब्याच्या भिंतीवर नवं शोकपत्रक लागलेलं. आपल्याकडे माणूस गेला की त्याचा फोटो आणि चार ओळी छापून फाटकावर, खांबावर, थांब्यावर लावतात. चाळिसाव्या दिवशी पुन्हा, वर्षाने पुन्हा. तीन माणसं ते वाचत होती. टोप्या हातात घेतलेल्या, ओठ हलत होते, आणि एकीने डोळ्याला रुमाल लावला. खालच्या वाडीतल्या कुणा म्हाताऱ्याचं होतं, कुणी त्याला धड ओळखतही नव्हतं. वेलिका त्यांच्याकडे पाहत राहिली. गाव एवढा एकच कागद वाचतं, आणि त्यावर शंका घेतलेला माणूस आजवर झाला नाही.

ती बस धरून शहरात गेली, अंत्यविधीचं सामान विकणाऱ्याकडे. त्याने फक्त विचारलं, "फोटो आणलाय?" शुक्रवारी ती मिंकोला चार दिवसांच्या रजेवर सोडवून शेवटच्या बसने घेऊन आली. "आपण लपाछपी खेळायची," तिने त्याला बजावलं. "मी हाक मारीन तेव्हाच बाहेर यायचं." मिंकोला लपाछपी फार आवडायची.

शनिवारी गाव उठलं ते मिंकोच्या हसऱ्या तोंडापुढे. पेन्कोच्या दारावर, चर्चच्या फाटकावर, थांब्यावर. 'आमचा मिंको. तुमच्या दारी पाव आणणारा. घरी यायची वाट पाहता पाहता गेला. दुपारी वेलिकाच्या अंगणात या. देव क्षमा करो.'

अख्खं गाव आलं. हातात फुलं, मेलेल्यासाठी नेतात तशी सम संख्येत. वेलिकाने मोठ्या पातेल्यात मृताच्या नावाने वाटायचे गहू उकडून त्यात साखर आणि अक्रोडाचा कूट घातला होता. एकेकजण चमचाभर गहू तोंडात टाकी आणि म्हणे, "देव क्षमा करो." झ्लातका तर पायरीवर बसून हंबरडा फोडत होती. "सोन्यासारखं पोर ग! त्या नरकात गेलं. इथे असतं तर जगलं असतं!"

"इथे असतं तर?" वेलिकाने विचारलं.

"मग काय! आम्ही बघितलं नसतं का त्याला? जेवू घातलं नसतं?"

"सगळ्यांना असंच वाटतं?"

ग्रोझदानने टोपी छातीशी धरली. "मावशी, मिंको या गावाचं लेकरू होतं."

"बरं," वेलिका म्हणाली आणि वळून घराकडे तोंड करून ओरडली, "मिंको, ये रे बाहेर!"

तो आला, केस विंचरलेले, दोन्ही गालांवर हसू. "झ्लातका काकू! पेन्को काका! ग्रोझदान काका!" एकेकाचं नाव घेत तो त्यांच्यामधून फिरला. मग त्याला फुलं दिसली. "माझ्यासाठी?" त्याने एका बाईच्या हातातून घेतलीसुद्धा, आणि मग दुसऱ्या, आणि तिसऱ्या. बायकांची बोटं सुटत नव्हती, तो हळूच सोडवून घेत होता.

"तुम्ही मेलेल्या मिंकोसाठी रडलात," वेलिका म्हणाली. आवाज पहिल्यांदाच खाली होता. "उद्या या जिवंत मिंकोसाठी हात वर करा. बाकी काही नको मला."

पेन्कोचे दोन्ही हात पुढे झाले होते. आता मिठी मारतो की काय असं वाटलं. मग त्याने इकडेतिकडे पाहिलं, बाकीच्यांचे चेहरे पाहिले आणि हात खिशात घातले.

झ्लातका उठली आणि अपशकुन टाळायला आपल्या गळ्यापाशी थू थू करून थुंकली. "जिवंत माणसाचे गहू चारलेस आम्हाला! खोटारडी! चेटकीण!"

"एकदा बोलले मी खोटं, एकदा! ते रोज संध्याकाळी बोलतात, आणि तुम्ही राकियाबरोबर चवीने ऐकता!"

"मेल्याच्या नावाने खोटं?" ग्रोझदान लालबुंद झाला होता. "टीव्हीवाले कसेही असोत, या थराला नाही गेले कधी!"

अंगण रिकामं झालं. उरलेली फुलं त्यांनी जाता जाता गटारात फेकली. मिंकोने ती एकेक वेचून आणली, धुतली आणि मिरच्यांच्या रिकाम्या बरणीत ठेवली.

कुणीतरी फोन केलाच. रविवारी उजाडताच लाल कोट हजर. या वेळी बातमीत दारावरचं शोकपत्रक होतं आणि एक तज्ज्ञ होते, ते म्हणाले, सततच्या भीतीने म्हाताऱ्या माणसांच्या मनाचा तोल असा जातो. दुपारी सभा भरली. आधी नको म्हणणाऱ्यांनी हात वर करायचे होते. सभागृहभर हातच हात झाले. सगळ्यांनी केले म्हणून मिंकोनेही आनंदाने हात वर केला. मग हवं म्हणणाऱ्यांना विचारलं. वेलिकाचा एकटीचा हात वर गेला. मिंकोने तिच्याकडे पाहिलं आणि पुन्हा आपला हात वर केला.

त्याला परत पोचवताना आगगाडीत त्याने तोच प्रश्न विचारला. वेलिका कुणाशी भांडली नाही.

फेब्रुवारीत त्या इमारतीत तापाची साथ आली. रस्ते बर्फाने बंद होते. वेलिका पोचली तेव्हा त्यांनी मिंकोला तिथेच डोंगरात पुरलंही होतं. त्याची टोपी तेवढी तिच्या हातात दिली. परतताना ती शहरात उतरली, त्याच अंत्यविधीच्या सामानवाल्याकडे गेली. फोटो त्याच्याकडे होताच.

पत्रकं पुन्हा लागली. तेच हसरं तोंड, पेन्कोच्या दारावर, चर्चच्या फाटकावर, थांब्यावर. तिने पुन्हा पातेलंभर गहू उकडले, अक्रोड कुटले, आणि दुपारभर फाटक उघडं ठेवून बसली. कुणी आलं नाही. लोक पत्रकापुढे थांबायचे, वाचायचे, एकमेकांकडे बघून हसायचे आणि पुढे जायचे. कर्णा गेल्यापासून पहिल्यांदाच या गावाने एखाद्या बातमीवर शंका घेतली होती.

ऊन कलल्यावर वेलिकाने पातेलं कमरेवर घेतलं आणि काठी टेकत निघाली. मिंको पाव घेऊन जायचा त्याच क्रमाने. पहिलं फाटक शेजारचं.

"झ्लातका, गहू!"

पडदा हलला. खिडकी बोटभर उघडली. "एकदा फसलो, वेलिका. आता नाही. कशावरून खरं? टीव्हीवर तर काही दाखवलं नाही!"

"नाही दाखवणार, झ्लातका!" वेलिकाचा आवाज गल्लीच्या टोकापर्यंत गेला. "हे खरं आहे ना!"

तिने चमचाभर गहू फाटकाच्या खांबावर ठेवले, स्वतःच "देव क्षमा करो" म्हटलं आणि पुढच्या फाटकाकडे गेली.